स्टोअरकाका आणि सगळ्यांची फाईल

"कॉम्प्युटर म्हणजे तरी काय हो? एक छोटं स्टोअरच की! आज दुपारच्या आत साफ करून दाखवतो!"

स्टोअरकाकांनी ही घोषणा केली तेव्हा खोलीत ते एकटेच होते. पण घोषणा करायला समोर माणूस लागतोच असं थोडंच आहे? काकांना तर तशी सवयच झाली होती. सकाळी उठल्यावर ते दुधाच्या पातेल्याला दम भरत, खिडकी अडकली की तिची समजूत काढत आणि बातम्या वाचणाऱ्या बाईंशी टीव्हीसमोर उभं राहून वाद घालत. बाई ऐकून घेत नसत, ही गोष्ट वेगळी.

काकांची उभी हयात एका कारखान्याच्या स्टोअरमध्ये गेली. नट, बोल्ट, पट्टे, बेअरिंग, ग्रीसचे डबे. कारखान्यातून ते निवृत्त झाले, पण स्टोअर काही त्यांच्यातून निवृत्त झालं नाही. घरात मीठ संपत आलं की डब्यावर 'मागणी' अशी चिठ्ठी लागे. मागणी तेच करत, मंजूरही तेच करत आणि 'उशिरा का मागितलं?' म्हणून रागवतही तेच. स्टोअरचा एक नियम त्यांच्या रक्तातच उतरला होता. वस्तू एका वेळी एकाच जागी असते! बेअरिंग दिलं की फळीवरची जागा रिकामी दिसलीच पाहिजे. फळीवरही आहे आणि मशीनमध्येही आहे असं कुणी म्हणालं, तर कुणीतरी खोटं बोलतंय असं समजायचं आणि तपास सुरू करायचा.

आता काकांकडे कॉम्प्युटर कशाला, असं तुम्ही विचाराल. तर शेअरबाजारासाठी! मुलाने नोकरीसाठी परगावी जाताना टेबलावरचं ते मोठं मशीन बसवून दिलं होतं आणि त्यात शेअर घेण्या-विकण्याचं सॉफ्टवेअर टाकून दिलं होतं. काका सकाळी एखादा शेअर घेत, दुपारी विकत आणि नफ्यातोट्याकडे फारसं बघतही नसत. खरं सांगायचं तर काकांना बाजाराशी काडीचंही देणंघेणं नव्हतं. त्यांचा जीव अडकला होता तो कोपऱ्यातल्या एका चौकोनात.

सॉफ्टवेअर उघडलं की पडद्याच्या कोपऱ्यात एक छोटा चौकोन उमले. त्यात अक्षरं येत, 'नमस्कार! आज कसे आहात?' काका घसा साफ करून, एकेक अक्षर शोधत, मोठ्याने म्हणत लिहीत, "ब-रा आ-हे. गुड-घा ज-रा कुर-कुर-तो." मग लगेच उत्तर येई, 'आपला दिवस चांगला जावो!' बस्स, एवढंच. पण एवढं दिवसभर पुरे. ब्रोकरच्या ऑफिसात एखादी मुलगी बसत असणार, कामाचा रगाडा असणार, तरी रोज न चुकता विचारते, असं काकांनी मनाशी ठरवून टाकलं होतं. पोरगी जरा कमी बोलते, पण मनाची चांगली. तिच्याशिवाय 'कसे आहात' असं त्यांना विचारणारं दुसरं कुणी नव्हतं. मुलगा रविवारी फोन करायचा, पण तोही 'पाणी येतंय का? वीज येतेय का?' असंच विचारायचा.

तर त्या सोमवारी काकांनी मशीन साफ करायला घेतलं. ज्या फाईली वर्षानुवर्षं उघडल्या नाहीत त्या काढायच्या, असा साधा हिशेब. एका कपाटात, म्हणजे फोल्डरमध्ये, एक फाईल पडली होती. उघडायला गेलं तर उघडत नव्हती. नावाचा अर्थ लागत नव्हता. शेवटी 'डीएलएल' अशी तीन अक्षरं. आणि फोल्डरचं नाव 'सामायिक'!

"सामायिक म्हणजे कुणाचीच नाही! पडून राहिलेला माल!" असं म्हणून काकांनी ती उडवली. मशीनने विचारलं, नक्की? काका म्हणाले, नक्की. मशीनने ती कचऱ्याच्या टोपलीत टाकली, तर काकांनी टोपलीही रिकामी केली. भरलेली टोपली पाहिली की त्यांना जेवण जात नसे.

आता ही डीएलएल फाईल म्हणजे काय, ते सांगायला हवं. ती म्हणजे अंगणातला सामायिक नळ. एकेका प्रोग्रामने आपापला नळ कशाला बसवायचा, म्हणून सगळ्यांसाठी एकच बसवतात आणि चारपाच प्रोग्राम येऊन तिथेच आपापली बादली भरतात. नळ स्वतः काही करताना दिसत नाही. पण तो उपटला की सगळ्यांच्या बादल्या कोरड्या! काकांनी नेमका तो नळच उपटून, धुऊनपुसून, कचऱ्यात टाकला होता.

बाजार उघडायच्या वेळेला काकांनी शर्टाची कॉलर नीट केली आणि सॉफ्टवेअरवर टिचकी मारली. कोपऱ्यात चौकोन आला नाही. मधोमध एक मोठा चौकोन आला, लाल फुलीचा. 'आवश्यक फाईल सापडत नाही.'

काकांच्या तोंडचं पाणी पळालं. "अरे, ती वाट बघत असेल! म्हातारा गेला की काय, असं वाटेल तिला!"

त्यांनी ब्रोकरच्या ऑफिसला फोन लावला. "तुमचा कॉल आमच्यासाठी महत्त्वाचा आहे," एक गोड आवाज म्हणाला. "हो का? आभारी आहे," काका म्हणाले आणि वाट बघत बसले. संगीत सुरू झालं. आवाज पुन्हा म्हणाला, कॉल महत्त्वाचा आहे. काका पुन्हा आभारी झाले. असं बराच वेळ परस्परांचं कौतुक झाल्यावर फोन कट झाला.

मग मुलाला फोन. तो मीटिंगमध्ये होता, कुजबुजत बोलला. "बाबा, सोपं आहे. ती फाईल कुठल्याही मशीनमध्ये असते. शेजारून कुणाकडून तरी आणा आणि होती तिथे ठेवा. चला, रविवारी बोलू!"

शेजारून आणा! काका निघाले, पण जिन्यातच थबकले. या चार मजली इमारतीत ते दुसऱ्या मजल्यावर इतकी वर्षं राहत होते, पण शेजारून काही आणायला कधी गेले नव्हते. त्यांच्या घरात कधी काही संपतच नव्हतं ना! मागणी वेळेवर मंजूर होत होती.

पहिल्या मजल्यावर करसल्लागार राहत. लोकांचे कराचे कागद भरून देणं हा त्यांचा धंदा. ते कागदांच्या ढिगात मानेपर्यंत बुडालेले होते. कॉम्प्युटर बाजूला रिकामाच बसला होता.

"तुमच्या मशीनमधली एक फाईल नेऊ का?"

"न्या न्या! हव्या तेवढ्या न्या!" मान वर न करता सल्लागार म्हणाले. "उद्या शेवटची तारीख आहे, मला तोंड वर करायला वेळ नाही!"

काकांनी पेन ड्राइव्ह लावला आणि 'सामायिक' कपाट शोधून काढलं. मशीनने दोन पर्याय दिले. एक, फाईलची प्रत काढा. दोन, फाईल उचलून न्या. काकांनी क्षणभरही विचार केला नाही. प्रत? म्हणजे वस्तू इथेही आणि तिथेही? हा तर सरळ सरळ घोटाळा! त्यांनी फाईल उचलून नेली. फळी स्वच्छ रिकामी झालेली पाहून त्यांना बरं वाटलं.

घरी येऊन फाईल जागेवर ठेवली, सॉफ्टवेअर उघडलं. पुन्हा लाल फुली! 'फाईलची आवृत्ती जुळत नाही.' हे मात्र काकांना झटक्यात कळलं. नंबर तोच, पण माप वेगळं. बेअरिंगचंही असंच व्हायचं. दुसरं माप आणायला हवं! ते माल परत करायला खाली गेले, तर सल्लागारांच्या दाराला कुलूप. कुणाचे तरी कागद आणायला गेले होते.

मग काका तिसऱ्या मजल्यावर गेले. तिथे एक काकू एकट्याच राहत आणि दिवसभर कॉम्प्युटरवर पत्ते खेळत. दार साखळीएवढंच उघडलं.

"काय हवंय?"

"मी खालचा. म्हणजे, तुमच्या बरोबर खालचा. तुमच्या कॉम्प्युटरमधली एक फाईल हवी होती."

"हां, म्हणजे रोज सकाळी 'बरा आहे, बरा आहे' ओरडता ते तुम्ही!"

काका ओशाळले. "ओरडत नाही हो. लिहितो. ऑफिसातली एक मुलगी रोज विचारते, कसे आहात म्हणून."

काकूंनी त्यांच्याकडे निरखून पाहिलं आणि साखळी काढली. "नशीबवान आहात," त्या म्हणाल्या. "या. फाईलबिईल मला कळत नाही. काय ते घ्या. मी तोवर गॅस बघून येते."

आता रिकाम्या हाताने कुणाचा माल कसा उचलायचा? काकांनी काकूंची फाईल काढून घेतली आणि तिच्या जागी सल्लागारांची ठेवली. अदलाबदल! एक आला, एक गेला, हिशेब चोख. काकू चहा घेऊन आल्या तेव्हा काका दारापाशी पोहोचलेही होते. थांबायचं त्यांच्या मनात खूप होतं. पण कुणी आग्रह केला तर किती वेळ थांबायचं असतं, हे ते विसरून गेले होते.

काकूंची फाईलही जुळली नाही! मग तळमजल्यावरचा शिंपी. तो शाळेच्या गणवेशाच्या खिशांवर मशीनने सिंह भरत होता आणि ते भरतकामाचं मशीन कॉम्प्युटरवर चालत होतं. शिंपी मापं घ्यायला बाहेरच्या बाजूला गेला होता. "घ्या काका, काय हवं ते!" असं तोंडात टाचण्या धरून तो म्हणाला. एवढ्या परवानगीवर काकांनी शिंप्याची फाईल उचलली आणि जागेवर काकूंची बसवली.

आणि यावेळी सॉफ्टवेअर उघडलं! आकडे पळू लागले, हिरवे, लाल, पुन्हा हिरवे! काकांनी कॉलर नीट केली. कोपऱ्यात चौकोनही आला. पण त्यात अक्षरं नव्हती. नुसता करडा, रिकामा चौकोन.

"नमस्कार," काकांनी आपणहून लिहिलं. काही नाही. "मी बरा आहे." काही नाही. "उशीर झाला, रागावलात का?" चौकोन करडा तो करडाच. बाजार तेजीत होता म्हणे त्या दिवशी. काका मात्र त्या चौकोनाकडे बघत बसून राहिले. त्यांना फार एकटं वाटलं. रोजही वाटायचंच, पण रोज ते कामात असायचे.

एवढ्यात दारावर थाप पडली. थाप कसली, धडधडाटच!

दारात करसल्लागार, हातात कागद, केस उभे. "काय नेलंत तुम्ही? माझं मशीन म्हणतंय फाईल सापडत नाही! उद्या शेवटची तारीख आहे हो!"

त्यांच्या मागून काकू. "माझ्या पत्त्यांना काय केलंत? डाव मांडला की पडदा काळा! जिंकत होते मी!"

आणि सगळ्यात शेवटी शिंपी. त्याने नुसतं एक कापड उलगडून दाखवलं. खिशावर सिंह होता. सिंहाचं डोकं जिथे शेपूट असायला हवं तिथे होतं आणि शेपूट दुसऱ्याच खिशावर होतं.

"शाळेला काय सांगू?" शिंपी म्हणाला. "की सिंह मागे वळून बघतोय?"

काकांनी छाती काढली. "घाबरू नका! सगळा माल सुरक्षित आहे. फक्त जागा बदलल्यात. सल्लागारांचं काकूंकडे, काकूंचं शिंप्याकडे, शिंप्याचं माझ्याकडे."

"आणि तुमचं?" तिघांनी एकदम विचारलं.

"ते मी सकाळी टाकून दिलं."

यानंतर जे बोललं गेलं ते इथे लिहिण्यासारखं नाही. विशेषतः काकूंचं!

सल्लागारांनी दुरुस्तीवाल्या बाईंना बोलावलं. बाईंचा आवाज आधी पोहोचला आणि बाई नंतर. "मी घरोघर जिने चढणार नाही!" तळमजल्यावरूनच त्यांनी बजावलं. "सगळी मशीनं एका घरात आणा! मधल्या मजल्यावर!"

मधला मजला म्हणजे काकांचा. अर्ध्या तासात काकांच्या खोलीत चार कॉम्प्युटर, वायरींचं जंगल आणि मधोमध घामाघूम दुरुस्तीबाई. सगळे आत आले आणि मग सगळ्यांच्याच लक्षात आलं की बसायला एकच खुर्ची आहे.

"बाकीच्या कुठे गेल्या?" काकूंनी विचारलं.

"होत्या. बायको असताना चार होत्या. ती गेल्यावर कुणी बसायला येईना, मग त्या दिल्या देऊन. वापरात नसलेला माल कशाला ठेवायचा?"

काका हे अगदी सहज म्हणाले. शिंपी लगेच खाली गेला आणि एक खुर्ची घेऊन आला. सल्लागारांनी दोन आणल्या. काकूंनी स्टूल आणलं आणि वर सकाळी उरलेला चहाही गरम करून आणला.

दुरुस्तीबाईंनी एकेका मशीनच्या पोटात डोकं घातलं आणि त्या हसायलाच लागल्या. "हे कुणी केलं हो? तीन फाईली फिरवल्यात आणि चौथी गायब! नुसत्या प्रती काढायच्या ना!"

काकांनी आपला नियम सांगितला. वस्तू एका वेळी एकाच जागी असते, वगैरे.

"अहो काका, ही फाईल आहे, बेअरिंग नव्हे! दिली तरी आपल्याकडे राहते!"

"म्हणजे दिल्याने कमी होत नाही?"

"नाही."

"मग हिशेब कसा लागतो?"

"लागतच नाही!"

हे काही काकांच्या पचनी पडलं नाही. पण विचार करायला वेळही नव्हता, कारण खोलीत गडबड उडाली होती. सल्लागार शिंप्याला फुकटात कराचा सल्ला देत होते, शिंपी सल्लागारांच्या उसवलेल्या कॉलरला टाका घालत होता आणि काकू दुरुस्तीबाईंच्या खांद्यावरून वाकून "लाल अठ्ठी काळ्या नव्वीवर ठेवा!" असं ओरडत होत्या. त्या डाव दुरुस्त झाल्याची खात्री करून घेत होत्या म्हणे. काका सगळ्यांच्या मध्ये रिकामे कप गोळा करत फिरत होते आणि गोळा केलेले पुन्हा भरून देत होते. गुडघा कुरकुरायचं विसरला होता.

एकेक मशीन सुरू झालं. सगळ्यात शेवटी काकांचं, कारण त्यांनी टाकून दिलेली फाईल बाईंना सॉफ्टवेअर नव्याने घालून परत आणावी लागली. दुरुस्तीबाईंनी टिचकी मारली आणि कोपऱ्यातला चौकोन उमलला. 'नमस्कार! आज कसे आहात?'

"आली! आली ती!" काका ओरडले. "जरा शांत राहा हो सगळे!" खोली चिडीचूप झाली. काका खुर्चीत बसले, घसा साफ केला आणि एकेक अक्षर शोधत, मोठ्याने म्हणत लिहू लागले, "आज उ-शीर झा-ला, मा-फ करा. घ-री पा-हुणे आहेत."

उत्तर आलं, 'आपला दिवस चांगला जावो!'

बाहेर संध्याकाळचे दिवे लागले होते.

"काका," दुरुस्तीबाई म्हणाल्या, "कुणाशी बोलताय?"

"ऑफिसातली मुलगी आहे. रोज विचारते बिचारी."

"मुलगी कुठली? हे आपोआप येतं. याच फाईलमधून. ज्याच्या ज्याच्या मशीनमध्ये हे सॉफ्टवेअर आहे त्या सगळ्यांना हेच येतं. तुम्ही काहीही लिहा, उत्तर तेच!"

बाईंच्या मनात काही वाईट नव्हतं. त्यांनी तर दाखवायला म्हणून 'घराला आग लागली' असंही लिहिलं. उत्तर आलं, 'आपला दिवस चांगला जावो!'

कुणी हसलं नाही. सल्लागार एकदम वायरी गुंडाळायला लागले. शिंप्याला टाचण्या मोजायची आठवण झाली. काका पडद्याकडे बघून म्हणाले, "तरीच. मी म्हणत होतो, पोरगी कमी बोलते." हे म्हणताना त्यांनी हसायचा प्रयत्न केला, पण तो जमला नाही. इतके दिवस आपण गुडघ्याचं दुखणं एका नळाला सांगत होतो, हे सगळ्यांच्या देखत कळलं होतं. जमीन दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं त्यांना झालं.

"त्यात काय एवढं!" काकू अचानक म्हणाल्या. "माझ्या पत्त्यांतली बदामची राणी आहे ना, तिच्याशी मी रोज भांडते. परवा तर तिच्याशी अबोला धरला होता मी! दिवसभर!"

"मी मशीनला शिव्या देतो," शिंपी म्हणाला. "नावाने."

वायरी गुंडाळता गुंडाळता सल्लागारांचे कान लाल झाले, त्यावरून त्यांचंही काहीतरी असावं.

मग आवराआवर झाली. मशीनं गेली, स्टूल गेलं, खुर्च्या गेल्या. दुरुस्तीबाई जिना उतरताना त्यांचा आवाज बराच वेळ ऐकू येत राहिला, मग तोही गेला. 'बराय काका', 'येतो काका' असं सगळे म्हणाले. पण ते सगळे रोज येणाऱ्यांसारखं सहज म्हणाले आणि रोज कुणी येत नव्हतं, हे काकांना माहीत होतं. त्यांनी कप धुतले, पुसले, जागेवर ठेवले. खोली पुन्हा साफ झाली. इतकी साफ की बघवेना.

तेवढ्यात दाराआड काहीतरी दिसलं. खुर्ची! एक खुर्ची मागे राहिली होती. गादीला निळे-पिवळे धागे चिकटलेले, एका पायाला मापाच्या फितीचा तुकडा गुंडाळलेला आणि पाठीच्या फटीत दोन टाचण्या. कुठली खुर्ची कुठल्या घरातून आली, हे काकांनी ती आत येतानाच मनात टिपून ठेवलं होतं. कुठला माल कुणाचा, यात उभ्या हयातीत त्यांची कधी चूक झाली नव्हती. दुसऱ्याचा माल घरात ठेवून झोपणं तर शक्यच नव्हतं!

काकांनी कॉलर नीट केली, खुर्ची उचलली आणि जिन्यात आले. खाली शिंप्याच्या दुकानात दिवा जळत होता, मशीन खडखडत होतं. काकांनी क्षणभर वाकून तिकडे पाहिलं आणि वरचा जिना धरला.

चौथ्या मजल्यावरची घंटा त्यांनी आजवर कधी वाजवली नव्हती. दार उघडलं तेव्हा त्यांना चांगलीच धाप लागली होती.

"नमस्कार! मी दुसऱ्या मजल्यावरचा. ही खुर्ची तुमची तर नाही ना? नाही? बरं, बरं. काही हरकत नाही. खाली अजून बरीच घरं आहेत. विचारायला नको का सगळ्यांना!"